भागाअक्का, तुमच्या वाट्याची चूक

अक्का, मी तुम्हाला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तुमच्या एकाच पायात चप्पल होती. दुसरी मागे डांबरावर राहिली होती. रस्ताभर झेंडू सांडला होता. माझ्या बसच्या पुढच्या चाकाशी लुना आडवी पडली होती आणि तिच्या पलीकडं तुमचे मालक, निवृत्तीभाऊ. स्टॉपवरची चार-पाच माणसं माझ्यावर धावून आली. एकानं दार उघडून कॉलरला धरून मला खाली ओढलं, दुसऱ्यानं कानफटात दिली. तिसऱ्यानं हात उगारला, तेवढ्यात तुमचा आवाज आला.

"त्याला मागाहून मारा. आधी ह्यांना गाडीत घ्या."

माणसं थबकली. निवृत्तीभाऊंना उचलून बसमध्ये मधल्या वाटेत ठेवलं. कुणीतरी म्हणालं, दुसरी गाडी थांबवा, ह्याच्या हातात नका देऊ. तुम्ही माझ्याकडं बघितलंत. पदर रक्तानं भिजलेला. म्हणालात, "तूच चालव. तुला येते गाडी."

मी गाडी वळवली. पळश्याच्या पुढून नाशिकरोडपर्यंतचा तो रस्ता मी रोज तुडवायचो, पण त्या दिवशी तो संपता संपेना. स्टिअरिंगवर माझे हात थरथरत होते. मागे तुम्ही खाली बसून भाऊंचं डोकं मांडीवर घेतलं होतं. तुम्ही रडत नव्हतात. त्यांना काहीतरी सांगत होतात, शेतातलंच, पाण्याची पाळी कधी आहे वगैरे, ते ऐकत असल्यासारखं. दवाखान्याच्या दारात डॉक्टरांनी भाऊंचे डोळे उघडून पाहिले आणि मान हलवली. मग पोलिस आले. मला जीपमध्ये बसवताना मी मागे वळून पाहिलं, तर तुम्ही दवाखान्याच्या पायरीवर बसून पदराला लागलेलं रक्त बघत होतात.

तुम्हाला जाऊन आज एकोणीस दिवस झाले, अक्का. आणि ही मधली चौदा वर्षं मी नुसता तुमच्याकडं बघत राहिलो. दुसरं काय केलं, ते मला सांगता येणार नाही.

माझं खरं बोलायला मला किती वर्षं लागली ते तुम्हाला ठाऊक आहे. पण ते इथं एकदा नीट लिहितो.

चौऱ्याण्णव सालचं नवरात्र होतं, सातवी माळ. सिन्नरच्या एका कारखान्याची पहिल्या पाळीची माणसं नेणारी ती कंत्राटी बस मी चालवायचो. पावणेसात वाजले असतील, उजाडलं होतं, रस्ता मोकळा होता. माझ्या मागच्या सीटवर एक कामगार तंबाखू मळत होता. तो म्हणाला, "दत्तू, घे." मी डावा हात मागे केला. त्यानं तळहातावर चिमूट ठेवायला वेळ लावला, म्हणून मी मान वळवून मागे बघितलं. गाडी साठाच्या वर होती. एवढंच. दोन सेकंद, फार तर तीन. धक्का बसला तेव्हा माझी मूठ मिटलेली होती आणि तंबाखू मुठीतच होती.

हे मी पोलिसांना सांगितलं नाही. बसच्या मालकांनी तर जामीन झाल्याबरोबर मला समोर बसवलं. "लक्षात ठेव. स्पीड चाळीस. हॉर्न वाजवला. ब्रेक दाबला. लुनावाला एकदम आडवा आला. ह्याच्यापलीकडं तोंडातून शब्द काढायचा नाही. काढलास तर तू गेलास, मी पण गेलो." तीन वर्षं मी हे चार शब्द जपासारखे घोकले. घरी मंदालासुद्धा हेच सांगितलं. तिनं विश्वास ठेवला. बायकोनं विश्वास ठेवला की माणसाला स्वतःचं खोटं खरं वाटायला लागतं.

पोलिसांची केस तारखांमध्ये अडकून पडली. तुमचा भरपाईचा दावा मात्र आधी उभा राहिला. आम्ही त्याला क्लेम म्हणायचो. एका बाजूला तुम्ही आणि आठ वर्षांची असताना बापाला पारखी झालेली तुमची वंदना, दुसऱ्या बाजूला मी, बसचे मालक आणि विमा कंपनी. नाशिकला सीबीएस बसस्टँडसमोरच्या कोर्टात, आवारातल्या झाडाखाली, आपण तारखेला दोन टोकांना बसायचो. तुम्ही पिशवीतून भाकरी काढून खायचात. एकदा माझ्याकडं नजर गेली तर भाकरी पुढं करता करता थांबलात. आपण कोण आहोत हे तुम्हाला आठवलं असावं. मी मान फिरवली.

साक्षीच्या दिवशी तुमचे वकील तुम्हाला त्या झाडाखालीच पढवत होते. मी चहाच्या टपरीच्या आडोशाला होतो, ते त्यांना दिसलं नाही.

"भागाबाई, तुम्ही एवढंच म्हणायचं, आमचे मालक रस्त्याच्या कडेला लुना घेऊन उभे होते आणि बसनं येऊन उडवलं. बास."

"उभे न्हवते."

"अहो, ते मला कळतं. पण ते वळत होते म्हणालात की विमावाले म्हणणार, चूक मयताची. मेलेल्याची जेवढी चूक निघेल तेवढी भरपाई कापतात. निम्मी निघाली तर निम्मी गेली. कळतंय का? तुमच्या पोरीचं नुकसान आहे."

"कळतंय."

"मग?"

"मग काय, साहेब. मी काय बोलायचं ते तिथं गेल्यावर बघते."

वकील कपाळावर हात मारून निघून गेले. मला आत कुठंतरी बरं वाटलं, अक्का. आज लिहायला लाज वाटते, पण वाटलं. तुम्ही खोटं बोलणार नाही म्हणजे मी सुटणार, असा माझा हिशेब.

मग शिपायानं तुमचं नाव पुकारलं. डोक्यावरचा पदर सारखा करत तुम्ही पिंजऱ्यात उभ्या राहिलात. शपथ घेतलीत. वकिलांनी विचारलं ते नीट सांगितलंत, भाऊंची लुना शेताच्या वाटेनं आली, तुम्ही रस्त्याच्या पलीकडं स्टॉपवर फुलांची दुसरी गोणी घेऊन उभ्या होतात, ती घ्यायला भाऊ रस्ता ओलांडून येत होते. मग विमा कंपनीचे वकील उठले. सडपातळ, हळू बोलणारा माणूस. त्यांनी विचारलं, "तुमच्या मालकांनी वळताना हात दाखवला होता का?"

"नाय."

"थांबून दोन्हीकडं बघितलं होतं का?"

"नाय. थांबले नाय ते."

तुमच्या वकिलांनी डोळे मिटले. समोरचे वकील इतक्या सहज उत्तराला तयार नव्हते. ते क्षणभर गोंधळले. मग म्हणाले, "का नाही थांबले?"

आणि तुम्ही म्हणालात, "लुनावरच्या गोणीची दोरी सुटली व्हती. मी इकडून हाक मारली, अवो, दोरी! ते माझ्याकडं बघत वळले. बसकडं नाय बघितलं त्यांनी."

टाइप करणारी बाई थांबली. जजसाहेबांनी चष्मा काढून तुमच्याकडं पाहिलं. "बाई, हे असंच लिहून घ्यायचं का?" तुम्ही मान डोलावलीत.

"म्हणजे चूक तुमच्या मालकांचीच," वकील म्हणाले.

"त्यांची हाय. माझी पण हाय. पण सगळी नाय."

"सगळी नाही म्हणजे?"

"बस येताना मी बघत व्हते ना. ड्रायव्हरचं तोंड मला दिसलंच नाय. त्याचा कान दिसला." तुम्ही मान डावीकडं, मागे वळवून दाखवलीत आणि स्वतःच्या उजव्या कानावर बोट ठेवलंत. "असा. हा कान. पुढं बघणाऱ्या माणसाचा कान असा दिसत नाय."

तीन वर्षं तुम्ही हे मनात ठेवून माझ्यासमोर बसत होतात. माझा कान बघितला होतात. आणि भाकरी पुढं करायला हात उचलला होतात.

पुढच्या तारखेला माझी पाळी. मी पण त्याच पिंजऱ्यात उभा राहिलो. तुमच्या वकिलांनी विचारलं, "अपघाताच्या वेळी तुम्ही कुठं बघत होतात?" तुम्ही समोरच्या बाकावर होतात. रागानं बघत नव्हतात. मी काय म्हणतो याची वाट बघत होतात, जसं शिकवणीला बसलेल्या पोराकडं त्याची आई बघते. माझ्या तोंडातून आलं, "मी समोर पाहत होतो. स्पीड चाळीस. हॉर्न वाजवला. ब्रेक दाबला."

तुम्ही मान खाली घातलीत. माझी लाज तुम्हाला वाटली, असं मला त्या क्षणी दिसलं. माझ्यासाठी असं कुणी कधी खाली बघितलं नव्हतं.

निकालात जजसाहेबांनी तुमचा शब्द न शब्द धरला. पंचनाम्यात ब्रेकच्या खुणा धडकेच्या जागेच्या पुढं होत्या, आधी नव्हत्या, म्हणजे ड्रायव्हरनं पाहिलं ते धडकल्यावर, हे त्यांनी तुमच्या त्या कानाशी जोडलं. ड्रायव्हरची चूक साठ टक्के, मयताची चाळीस. तेवढी भरपाई कापली. तुमचे वकील बाहेर येऊन तुमच्यावर चिडले, "एक वाक्य गिळलं असतंत तर!" तुम्ही त्यांना म्हणालात ते मी ऐकलं आणि मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. तुम्ही म्हणालात, "साठ नि चाळीस. शंभर झाले. जजसाहेबांनी मला धरलंच नाय."

त्यानंतर मला नीट झोप लागली नाही, असं लिहिलं तर ते खोटं होईल. झोप लागायची. पण गाडी चालवताना मी कुणाकडं मान वळवेनासा झालो. कुणी हाक मारली तर ओ द्यायचो, बघायचो नाही. कामगार चेष्टा करायचे, दत्तूची मान आखडली म्हणून. आठ-दहा महिने असे गेले आणि एका रविवारी मी तुमच्या मळ्यात येऊन उभा राहिलो.

तुम्ही शेवंती खुडत होतात. ओटीत फुलं. मला बघून हात थांबले नाहीत. मी उभ्या उभ्याच सगळं बोललो. तंबाखू, मान, साठाच्या वर स्पीड, कोर्टातलं खोटं. तुम्ही ऐकून घेतलंत. मग म्हणालात, "मला कशाला सांगतो? मला तर ठावं हाय. खोटं जिथं बोलला तिथं सांग."

"क्लेम तर संपला, अक्का."

"पोलिसांची केस हाय ना?"

"ती आहे."

"मग तिथं."

"तिथं खरं बोललो तर आत जाईन मी."

"जाशील," तुम्ही म्हणालात. पुढच्या रोपाकडं सरकलात. "मी जा म्हनत नाय. नको जाऊ असं पण म्हनत नाय. तुझं तू बघ."

लोकांना वाटतं, तुम्ही मला जेलमध्ये धाडलंत. तुम्ही तर मला एवढंही सोपं करून दिलं नाहीत. जा म्हणाला असतात तर मी तुमच्यावर राग धरून गेलो असतो किंवा राग धरून राहिलो असतो. तुम्ही फुलं खुडत राहिलात.

खटल्याच्या पुढच्या तारखेला मी गुन्हा कबूल आहे म्हणून सांगितलं. माझ्या वकिलांनी माझा हात दाबला. न्यायाधीशांनी तीनदा विचारलं, कुणी दबाव आणला का, कुणी काही देऊ केलं का. मी नाही म्हणालो. तीन महिने साधी कैद झाली. बसच्या मालकांनी त्याच दिवशी काम काढून घेतलं. नाशिकरोडच्या जेलमध्ये पहिल्या रात्री मला फार भीती वाटली. दुसऱ्या आठवड्यात मंदा भेटीला आली, ती रागानं लाल. म्हणाली, "ती बाई आपल्या घरी आली होती. मेथीच्या जुड्या आणि वांगी घेऊन."

"मग?"

"मी दारातच म्हणाले, तुमच्यामुळं गेला माझा माणूस. तर म्हणाली, माझ्यामुळं नाय, त्याच्या तोंडानं गेला. तीन महिन्यांनी येईल. माझा नाय यायचा, पण तुझा येईल. भाजी ठेव आत, सुकून जाईल."

"मग तू काय केलंस?"

"ठेवली आत," मंदा म्हणाली. मग गजांच्या पलीकडं रडायलाच लागली.

सुटून आल्यावर मी गाडीला हात लावला नाही. शिंदे गावात एका ओळखीच्याच्या पंक्चरच्या दुकानात बसायचो. दोन वर्षं. एका दिवशी तुम्ही दुकानासमोर येऊन उभ्या राहिलात. "फूल बाजारात न्यायला टेम्पो लागतो. आताचा टेम्पोवाला रोज उशीर करतो, फूल तापतं. तू येशील का?"

"मी गाडी सोडली, अक्का. हात थरथरतात."

"त्या दिवशी पण थरथरत व्हते. तरी नेलंस ना नीट."

दुसऱ्या दिवसापासून मी टेम्पोवर यायला लागलो. गावातली माणसं तुम्हाला येऊन सांगत होती, नवऱ्याला मारलं त्याच्याच शेजारी बसून बाजारात जाती. तुम्ही म्हणायचात, "तो आता समोर बघून चालवतो. दुसरा कुणी तसा बघतो का ते मला ठावं नाय." आणि पहाटे उजाडता उजाडता केबिनमध्ये माझ्या शेजारी बसायचात, मांडीवर गुलाबांची करंडी घेऊन. त्या जागेवरून आपण रोज जायचो. तुम्ही दर वेळी म्हणायचात, "हॉर्न वाजव." मी वाजवायचो. तेवढंच. पुढं परत बोलणं चालू, शेवंतीचा भाव, मंदाचं गुडघ्याचं दुखणं, वंदनाचा अभ्यास. भरपाईच्या पैशांना तुम्ही तिच्या नर्सिंगच्या शिक्षणाशिवाय कशासाठीही हात लावू दिला नाहीत.

वंदना मात्र माझ्याशी बोलली नाही. टेम्पो दारात लागला की ती घरात जायची. तुमच्याशीही ती कधी कधी तशीच वागायची, हे मला नंतर कळलं. चौदाची असताना ती तुम्हाला म्हणाली होती, "तू हाक मारली नसती तर." तुम्ही मला हे गाडीत सांगितलंत, रागानं नाही, भाजीवर कीड पडली सांगावं तसं. "पोरगी म्हनली ते खरंच हाय," म्हणालात.

तेव्हापासून आपलं ते भांडण सुरू झालं, अक्का. किती वर्षं चाललं! मी म्हणायचो, चूक सगळी माझी. तुम्ही म्हणायचात, जजसाहेबांनी साठ दिले ना तुला, साठच घे, हावरटासारखा शंभर कशाला मागतो? मी म्हणायचो, बरं, भाऊंची चाळीस धरा, पण तुमची काही नाही. तुम्ही म्हणायचात, "माझी हाय. कोर्टानं मोजली नाय म्हनून ती नसते का?" कधी हसून, कधी खिडकीबाहेर बघत. दोन माणसं चूक दुसऱ्यावर ढकलायला भांडतात, हे मी जन्मभर पाहिलं होतं. आपण स्वतःकडं ओढायला भांडत होतो, फूलबाजाराच्या वाटेवर.

एकदा मी तुम्हाला एक गोष्ट सांगितली. ती आधी कधीच सांगितली नव्हती, कारण ती माझीच मला पुसट आठवत होती. मान मागे वळवण्याआधी मला लुना दिसली होती. ती शेताच्या वाटेवरून डांबरावर आली होती आणि तिचं पुढचं चाक तिरकं झालं होतं. मनात आलं, थांबेल तो. आणि मग मी तंबाखूसाठी मागे बघितलं. म्हणजे भाऊंनी वळायला सुरुवात तुमच्या हाकेच्या आधीच केली होती. तुमची हाक नंतरची. "अक्का," मी म्हणालो, "तुमच्या हाकेनं काही झालं नाही. ते आधीच वळत होते."

द्वारकेचा चौक ओलांडून आपण नाशिक गावात आलो. मग म्हणालात, "दत्तू, तू माणूस चांगला. पण ह्याच्यात तुझा शब्द नाय चालायचा. एकदा शपथेवर खोटं बोललास तू. आता मला हलकं करायला बोलत नाय कशावरून?"

हे ऐकून मी गाडी बाजूला घेतली. माझ्या खोट्याची किंमत मी जेलमध्ये फेडली असं मी समजत होतो. ती तिथं फिटलीच नव्हती. माझ्याकडं तुम्हाला देण्यासारखं एकच खरं होतं, आणि ते घ्यायला तुम्हाला माझ्यावर भरवसा ठेवणं शक्य नव्हतं.

मग तुम्ही माझ्या दंडावर हात ठेवलात. आयुष्यात एकदाच. "आनि दुसरं सांगू का? ती हाक राहू दे माझ्याकडं. त्यांना शेवटचं मीच बोलले. त्यांनी माझ्याकडं बघितलं. तू म्हनतो तसं असलं तर ते माझ्याकडं बघून वळलेच नाय. मग ते बघणं पण जाईल ना माझं."

मी तो विषय परत काढला नाही. चूक म्हणून जी गोष्ट मी तुमच्याकडून काढून घेऊ बघत होतो, तिच्यातच तुमचा नवरा तुमच्याकडं बघत होता. माझ्यासारख्याला हे कसं कळणार होतं? पुढं मलाही शंका यायला लागली, मी चाक तिरकं पाहिलं ते खरं, की तुमच्यासाठी मनानं रचलेलं? आजही मी छातीवर हात ठेवून सांगू शकत नाही. पण तिरकं चाक दिसतं, डोळे मिटले की दिसतं.

तुम्ही इतक्या लवकर जाल असं वाटलं नव्हतं. सकाळी करंडी भरलीत, छातीत दुखतंय म्हणालात, आणि मी टेम्पोतूनच तुम्हाला घेऊन निघालो, वंदना नर्स आहे त्याच दवाखान्यात. वाटेत तुम्ही बोलत होतात. त्या जागेवर हॉर्न वाजवायचं मला सुचलं नाही. तुम्हीही काही म्हणाला नाहीत. दोन दिवसांनी तुम्ही गेल्याचं वंदनानंच मंदाला फोन करून कळवलं.

तेराव्याला मी मागच्या बाजूला, गोठ्याजवळ बसलो होतो. पंगत उठत होती. वंदना माझ्यासमोर येऊन उभी राहिली. बावीस वर्षांची, तुमच्यासारखीच सरळ बघणारी. म्हणाली, "एक विचारायचंय. खरं सांगाल का?"

"विचार."

"आईच्या हाकेनं बाबा वळले का?"

नाही म्हटलं असतं तर पोरीच्या मनातला सल निघाला असता. पण जे तुमच्याकडं राहू दे असं तुम्ही मला म्हणाला होतात, ते मी तुमच्या माघारी काढून घेतलं असतं. होय म्हटलं असतं तर तो सल तिच्यात जन्मभर राहिला असता, आणि तेही मला खरं वाटत नव्हतं. आणि मी काहीही बोललो तरी, शपथेवर खोटं बोललेला माणूस मी.

मी म्हणालो, "मी काय पाहिलं तेवढंच सांगतो. लुनाचं पुढचं चाक वळलेलं मला दिसलं. मला तसं आठवतं. हाक मी त्याआधी ऐकली नव्हती. मग मी मान मागे फिरवली. तिथून पुढचं मी काहीच पाहिलं नाही. ते फक्त तुझ्या आईनं पाहिलं. ती म्हणायची, त्यांनी तिच्याकडं बघितलं. मग बघितलं असणार. वळणं मी पाहिलं, बघणं तिनं पाहिलं. मला वाटतं दोन्ही झालं, एकामागून एक."

अक्का, हे मी बोललो आणि तिथंच माझ्या लक्षात आलं, हे दोन्ही एका वेळी खरं असू शकतं. इतकी वर्षं गाडीत शेजारी बसून मी तुमचं खोडत राहिलो आणि तुम्ही माझं. तुमचं बघणं तुमच्याकडं ठेवून मला माझं वळणं सांगता आलं असतं. तुम्ही कदाचित विश्वास ठेवला असतात. कदाचित नसता. पण मी कधी तसं सांगितलंच नाही. ते आता वंदनाला सांगितलं.

वंदना ऐकत होती. तिनं डोळे पुसले नाहीत. म्हणाली, "तुम्हाला नक्की आठवतं का?"

"नाही," मी म्हणालो. "नक्की नाही."

तिनं मान डोलावली. गोठ्याच्या खांबाला टेकून ती तशीच उभी राहिली. मग म्हणाली, "नक्की म्हणाला असता तर मी मानलं नसतं." आणि आत जाऊन तिनं एक ताट वाढून आणलं, माझ्यासमोर ठेवलं आणि माझ्याशेजारी, तुमच्या अंगणात, मी जेवेपर्यंत बसून राहिली.